हळदीच्या खळ्यावरचा पाहरा

बसा इथं. चहा होऊस्तोर एक गोष्ट सांगतो. खरी हाये बरं का, पदरचं काही घालत न्हाई.

डोंगरकड्याच्या अलीकडं जिवनबाईचं शेत हाये. गेल्या धुळवडीची सांज. खळ्यावर शिजवलेली हळद वाळत पडलेली.

अन् कडेला तिचा फौजी लेक संतराम... ताठ उभा.

बॉर्डरवरून आल्यापासून रोजचंच. दिवे लागले की उभा राहायचा. ना जेवण, ना झोप. रडणं न्हाई की हसणं न्हाई.

हळदीचा व्यापारी फारुक चेष्टेनं म्हनला, "काय फौजी, हळदीला बी पाहरा? दुश्मन हळद खातेत का?"

संतरामची नजर वाटंवरून हटली न्हाई. फारुकचं हसू तोंडातच वाळलं.

"जेव की रे लेकरा," जिवनबाई म्हनली.

"बदली आल्याबिगर पाहरा सोडता येत न्हाई, माय."

"कोण येनार बदलीला?"

"हरीश."

हरीश त्याच्या जोडीचा जवान. संतरामच्या जागी उभं राहायला येत व्हता. वाटंतच तोफेचा गोळा पडला, हरीश जागीच गेला. संतराम उजाडेपर्यंत त्याची वाट बघत उभाच.

हे सगळं त्यानं मायला भाजीचा भाव सांगावा तसं सांगितलं.

जिवनबाईनं त्याचाच फौजी कोट अंगात घातला. हातात काठी घेतली.

"मी आले बदलीला. जा, जेवून घे."

अन् गेला की पोरगं! जेवलं. झोपलं बी.

म्हातारी खुशीत उभी राहिली.

तेवढ्यात मागं...

कड्... कड्...

वाळली हळद बुटाखाली मोडावी तसं. संतरामचे बूट तर घरात खुंटीला.

आवाज पाठीशी येऊन थांबला.

"संतराम... मैं आ गया. चल अब."

जिवनबाईनं ओ दिली न्हाई. मागं पाहिलं न्हाई. कोट तेवढा घट्ट आवळला.

सकाळी हळदीत बुटांचे ठसे व्हते. खळ्यापर्यंत आलेले. परत गेलेले न्हाईत.

हळद कवाच इकली. म्हातारी मात्र रोज सांजेला तो कोट घालून उभी राहते. एक दिवस ती न्हवती, तर ते बूट घरात शिरले... उठून चालला पोरगा. दारातून माघारी ओढला तिनं.

आता तिचे गुडघे गेलेत. एकदा तिच्या जागी मी उभा राहिलो. दुसऱ्यांदा माझ्यानं व्हत न्हाई. का, ते इचारू नका.

तुमी त्याच वाटंनं चाललात न्हवं?

मग घडीभर तो कोट घालून उभं राहा की. म्हातारी दोन घास खाऊन येईल.

फकस्त मागून संतरामच्या नावानं हाक आली... तर ओ देऊ नका.