घोटवण

२०६१ साली महाराष्ट्रात माणसाला चार दाखले लागत: जन्माचा, रहिवासाचा, जातीचा आणि आठवणीचा. पहिले तीन पूर्वीपासूनचेच. चौथा नवा होता, पण मिळायचा तहसील कचेरीतच, त्यामुळे त्यालाही ‘उद्या या’ होतंच.

दोन पिढ्या पडद्यासमोर वाढल्या होत्या. आपल्यावर काय गुदरलं आणि आपण नुसतं काय पाहिलं, हे लोकांना वेगळं सांगता येईना. बार्शीच्या एका सद्गृहस्थांनी वाटणीच्या दाव्यात आजोबांच्या आमराईचं असं वर्णन केलं, की न्यायाधीशांचे डोळे पाणावले. आमराई सरबताच्या जाहिरातीतली निघाली. न्यायाधीशांनाही ती आपल्याच आजोळची वाटली होती. चित्रफितींचा पुरावा तर कोर्टांनी केव्हाच सोडला होता, कारण कुठल्याही सालाची चित्रफीत आता घरबसल्या बनवता येत असे. मग शास्त्रज्ञांनी ‘उगममापी’ काढली. जाळीची टोपी डोक्यावर घालायची, डोळे मिटून आठवायचं, आणि यंत्रातून चिठ्ठी येई. चिठ्ठीवर एकच शब्द असे: ‘भोगलेली’ किंवा ‘पाहिलेली’.

त्या यंत्रासमोर, सांगली जिल्ह्यातल्या तांबुळवाडीच्या शाळेत भरलेल्या कचेरीच्या शिबिरात, प्रणोती वर्तक ताठ बसल्या होत्या. वय बहात्तर. उभा जन्म त्यांनी जाहिराती लिहिल्या होत्या. जाहिरातीखाली लिहिणाऱ्याचं नाव नसतं. आज ते त्यांना हवं होतं, एकाच ठिकाणी.

तांबुळवाडीच्या ‘घोटवण’ विधीला वारशाचा दर्जा मिळायचा होता. नवी सून घरी आली, की सासू स्वतःच्या हातानं चहा करते, आणि घरात कुणीही कपाला ओठ लावायच्या आत पहिला घोट सुनेला पाजते. तोंडानं म्हणते, ‘पहिला घोट लेकीचा.’ तीनशे वर्षांची परंपरा, असं अर्जात लिहिलं होतं. तीनशे वर्षांपूर्वी इथं चहा कुठं होता, असं कुणीतरी विचारलं, तेव्हा गावानं ‘आधी काढा असायचा’ असं शांतपणे सांगितलं. एका प्राध्यापकांनी ‘घोटवण’ शब्द यादवकालीन शिलालेखातल्या झिजलेल्या दोन अक्षरांत शोधून काढला होता. गावाकडे १८९० सालच्या घोटवणीची चित्रफीतही होती. तीत सासूच्या हातात स्टीलची गाळणी होती.

प्रणोतीबाईंनी हा शब्द २०२७ साली, सोनपाकळी चहाच्या जाहिरातीसाठी, ‘आठवण’ला यमक जुळेना म्हणून केला होता. विधीही त्याच जाहिरातीतला.

“मला गावाचं काही काढून घ्यायचं नाही,” त्या म्हणाल्या. “अर्जात ‘प्रवर्तक’ म्हणून एक रकाना आहे. तो रिकामा आहे. तिथं माझं नाव घाला.”

“अवो बाई,” समोरून सुवर्णाबाई थोरात म्हणाल्या. एकोणऐंशीच्या सुवर्णाबाई गावातर्फे साक्षीला आल्या होत्या. “माझं लगीन दोन हजार तीनचं. आमच्या आत्तीनं, म्हंजी सासूनं, ह्याच हातात कप दिला. आल्याचा चहा. जीभ पोळली माझी! तुम्ही तवा शाळंत आसाल.”

त्यांची चिठ्ठी सकाळीच निघाली होती: भोगलेली.

यंत्र चालवणारे डॉ. रेयांश कुंभार तिशीतले होते. समजावून सांगायची त्यांना हौस होती.

“काकू, सोपं आहे. भोगलेल्या आठवणीला अंग असतं. वास, चटका, पायाखालची फरशी, पोटातली भूक, हे सगळं मेंदू एकत्र बांधून ठेवतो. पडद्यावरच्याला नुसते डोळे आणि कान. शिवाय भोगलेल्या प्रसंगात माणूस स्वतःला दिसत नाही. स्वतःची पाठ दिसली की समजायचं, कॅमेरा दुसऱ्याचा.”

“घाल टोपी,” प्रणोतीबाई म्हणाल्या. त्यांना जराही शंका नव्हती.

चिठ्ठी आली: पाहिलेली.

“यंत्र बिघडलंय तुझं!”

“काय दिसलं, काकू?”

“मी टेबलाशी बसलेय. निळा कुर्ता. पेन हातात, आणि कागदावर लिहितेय, घोटवण.”

“कुठून दिसताय?”

प्रणोतीबाईंनी पुन्हा आठवून पाहिलं. “मागून,” त्या म्हणाल्या.

मग त्यांना उलगडलं. एका वाहिनीनं जाहिरातींच्या इतिहासावर मालिका केली होती. तीत त्यांचं काम एका नटीनं केलं होतं. अकरा वर्षं ती दाखवली गेली, आणि दर वेळी प्रणोतीबाईंनी शेजारणींना बोलावून पाहिली. खरं तर तो शब्द त्यांनी लॅपटॉपवर टाइप केला होता. पेन दिग्दर्शकाचं.

“आठवण म्हणजे पेटीतली वस्तू नव्हे,” रेयांश हळूच म्हणाले. “साडीसारखी असते. काढली की घडी मोडते. परत ठेवताना नव्यानं घालावी लागते, आणि त्या वेळी जवळ जे असेल ते घडीत जातं. तुमच्या घडीत ती मालिका गेली.”

“आणि ह्यांच्या?”

“सुवर्णाआजींनी तीन सुनांना घोटवण केली. दर वेळी स्वतःचा पहिला दिवस आठवला असणार. समोर चहा, आल्याचा वास, हाताला चटका. तो गेला घडीत. जाहिरातीला असं अंग फुटतं. यंत्राला अंग कळतं, साल कळत नाही.”

“मग हे लिही की दाखल्यावर.”

“दाखल्यावर एकाच शब्दाची जागा आहे, काकू.”

सुवर्णाबाईंना मात्र वेगळाच प्रश्न पडला होता. “पर बाई, तुमच्या मनात आलं कसं हे?”

“माझ्या सासूमुळे. दोन हजार सोळा साल. लग्न होऊन घरी आले. सासूबाईंनी सतरा जणांचा चहा केला, मला विचारलंसुद्धा नाही. त्या सतरा कपबश्या मी विसळल्या. अकरा वर्षांनी त्या रागानं ती जाहिरात लिहिली.”

“आरं देवा!” सुवर्णाबाई हळहळल्या. “आसली सासू आमच्या गावात कधी झालीच न्हाई.”

मागच्या बाकांवरच्या म्हाताऱ्यांनी अभिमानानं माना डोलावल्या. जाहिरातीआधी कंपनीनं याच तालुक्यात साठ बायकांना विचारलं होतं. अठ्ठावन्न जणींना पहिल्या दिवशी चहा मिळाला नव्हता. काही जणी सांगताना रडल्या होत्या. प्रणोतीबाई बाकांवरचे चेहरे न्याहाळत राहिल्या. तिथं कुणाला कधी काही झालेलंच नव्हतं.

“काकू, ही आठवण तपासू या,” रेयांश उत्साहानं म्हणाले. “कपबश्यांची. राग तुमचा स्वतःचा आहे, तो कुठल्या मालिकेत नव्हता ना? भोगलेली निघाली तर दावा उभा राहील. रकान्यात नाव घालतो.”

प्रणोतीबाईंनी डोळे मिटले.

नाशिकचं स्वयंपाकघर. पायाखाली गार फरशी. गळ्यात हार टोचतोय, पोटात भूक. सासूबाई ओट्याशी पाठमोऱ्या. आता कप भरतील आणि ट्रे घेऊन बाहेर जातील. सासूबाई वळल्या. हातात एकच कप होता. आल्याची वाफ नाकात गेली. ‘घे गं पोरी,’ त्या म्हणाल्या, ‘पहिला घोट लेकीचा.’ जीभ पोळली.

नाही, असं नव्हतं. प्रणोतीबाईंनी पुन्हा मागं जाऊन पाहिलं. मोरी शोधली, ट्रे शोधला, कपबश्या शोधल्या. बारा वर्षांपूर्वी त्यांनी स्वतःच्या सुनेला, मिहिराला, घोटवण केली होती. तेव्हा आपला पहिला दिवस आठवून डोळे भरून आले होते, एवढं मात्र लख्ख होतं. सतरा कपबश्या हे नुसते शब्द उरले होते. दिसत काहीच नव्हतं. सासूबाई पुन्हा पुन्हा वळत होत्या, आणि दर वेळी चहा गरम होता.

चिठ्ठी बाहेर आली.

“भोगलेली!” रेयांश जवळजवळ ओरडलेच. “जिंकलात, काकू! कपबश्या दिसल्या ना? फक्त हो म्हणा. यंत्र शब्द सांगतं, दृश्य नाही सांगत. तुमचं तुम्हीच सांगायचं.”

त्यांनी लेखणी ‘प्रवर्तक’च्या रकान्यावर टेकवलीसुद्धा. एक ‘हो’ म्हटलं की नाव कायमचं लागणार होतं.

“नाही,” प्रणोतीबाई म्हणाल्या. “साक्षीदारांत घाल मला.”

“कशाची साक्ष?”

“घोटवणीची. नाशिकलाही होती म्हणून.”

“बगा! म्या म्हनलंच हुतं,” सुवर्णाबाई म्हणाल्या, आणि त्यांनी प्रणोतीबाईंचा हात हातात घेतला.

प्रणोतीबाईंनी सही केली. नाव स्वच्छ, पूर्ण लिहिलं. मग शेजारच्या रकान्यात, घोटवण कुणी केली या प्रश्नापुढे, सासूबाईंचं नाव घातलं: कै. कुमुदिनी वर्तक. ते त्यांनी दोनदा वाचलं. पंचेचाळीस वर्षांत पहिल्यांदाच त्यांना सासूबाईंचा फार अभिमान वाटला.