मार्लिसचं हसू

ही गोष्ट खरी आहे. ज्याला खोटी वाटेल त्याने अमेरिकेतल्या ड्यूलुथला जावं आणि दुपारी चार वाजता आयनो हापालासमोर बसून दाखवावं.

आयनो चित्रांना सांधे बसवायचा. पापण्या, ओठ, केस वेगवेगळे कापायचा आणि पुन्हा जोडायचा. मग कॅमेऱ्यासमोर माणूस हसला, की पडद्यावर चित्र हसायचं.

त्याची थोरली बहीण मार्लिस लकव्याने अंथरुणाला खिळली होती. तोंड डावीकडे वाकडं झालं होतं.

"ताई, जरा कॅमेऱ्याकडे बघून हस ना."

"कशाला रे मेल्या? चार लोकांना दाखवशील."

"नाही गं. तुझी शपथ."

ते हसू त्याने जसंच्या तसं दलदलीतल्या एका चेटकिणीच्या चित्राला बसवलं आणि ते चित्र टँपा शहरातल्या केलिनला देऊन टाकलं. केलिन रोज चार वाजता इंटरनेटवर ती चेटकीण होऊन हजारो लोकांशी गप्पा मारायची. लोक पोट धरून हसायचे.

शेजारणीने कौतुकाने ते मार्लिसला दाखवलं.

मार्लिसने सूपची वाटी बाजूला सारली. त्यानंतर तिने घास घेतलाच नाही.

सतराव्या दिवशी गेली.

फेब्रुवारीत आयनो चेटकिणीला नवा झगा चढवत बसला होता. लख्ख दुपार. कॅमेऱ्यावर चिकटपट्टी.

चेटकिणीची छाती वरखाली होऊ लागली...

तिचा श्वास त्याने चालूच केला नव्हता.

मग तिने तोंड उघडलं... आत दात होते. खालचा एक पडलेला. मार्लिसचा पडला होता, तोच.

आयनोने त्या तोंडात नुसता काळा रंग भरला होता.

त्याला ओरडायचं होतं. पण त्याचं तोंड आधीच उघडं होतं... डावीकडे ओघळलेलं.

चेटकिणीने तोंड मिटलं.

मग त्याचं मिटलं.

त्याने स्वतःकडचं सगळं पुसून टाकलं. पण केलिनकडची चेटकीण कशी पुसणार? फोन करून गयावया केली.

"बंद करू? वेड लागलं का काका? लोक तिच्या हसण्यावर जीव टाकतात!"

डॉक्टरांना काही सापडलं नाही.

आता चार वाजले की तिकडे केलिन हसते आणि इकडे आयनोचं तोंड वाकडं होतं. लाळ गळते. मार्लिसच्या रिकाम्या खाटेसमोर तो तासभर हसत असतो. डोळ्यांतून पाणी वाहत असतं.

परवा सकाळी मी त्याला भेटून आलो होतो; दुपारी घड्याळ न बघता पुन्हा त्याच्याकडे गेलो...

त्याच्या हसणाऱ्या तोंडात खालचा एक दात नव्हता.

सकाळी होता. मी पाहिला होता.