दहाव्यानंतरचा दिवा

ताक द्यायला म्हणून मी त्या दुपारी समोर गेले, एवढंच. एप्रिल महिना, चेन्नईतल्या अंबत्तूरची दुपार, जिन्याच्या कठड्याला हात लागला तर चटका बसावा अशी. आमचे हे कामावर, घरात मी एकटी, आणि समोरच्या उघड्या दारातून दोन माणसांचं बोलणं ऐकू येतंय. अशा वेळी ताकाचा तांब्या घेऊन कोण गेलं नसतं?

समोरची सावनी त्याच पहाटे नाशिकहून परतली होती, चार महिन्यांनी. तिचा नवरा अमोघ डिसेंबरात गेला. चौतीस वर्षांचा मुलगा. घरूनच ऑफिसचं काम करायचा. एका दुपारी तीनच्या सुमाराला कॉम्प्युटरसमोर बसल्या बसल्या त्यानं मान टाकली. तिसऱ्या दिवशी सासरची मंडळी सावनीला घेऊन गेली. जाताना तिच्या सासूबाईंनी किल्ली माझ्या हातात ठेवली आणि म्हणाल्या, "दिवा तेवढा विझू देऊ नका हो."

"काकू, बरं झालं आलात," सावनी म्हणाली. ओढणीनं सारखी मान पुसत होती. "चार वाजता माझी परीक्षा आहे. नोकरीची. आणि हा सुरूच होत नाहीये."

हा म्हणजे अमोघचा कॉम्प्युटर. त्याच्यापुढे हेरंब बसला होता. हा अमोघचा ऑफिसातला मित्र, ओळखीचाच.

"फोनवर नाही देता येत?" मी विचारलं.

"नाही चालत. हेरंबचा लॅपटॉप ऑफिसचा, त्यात बाहेरचं काही उघडत नाही. आणि याचा पासवर्ड कुणालाच माहीत नाही." तिनं आवाज खाली आणला. "दिरांनी रविवारचं तिकीट काढून ठेवलंय, काकू. ही नोकरी लागली तरच इथे राहू देतील. एकदा तिकडे गेले की हे घर सुटलंच."

हेरंबनं मला समजेल असं सांगितलं. पेन ड्राइव्हवर त्यानं नवी सिस्टिम आणली होती. कॉम्प्युटरनं आतल्या जुन्या डिस्ककडे न बघता त्या पेन ड्राइव्हवरून सुरू व्हायचं, की परीक्षा देता येईल. अमोघचं काही पुसलं जाणार नाही.

"म्हणजे पुढचं दार लागलंय म्हणून मागच्या दारानं आत?"

"तसंच समजा, काकू. फक्त मागचं दार उघडत नाहीये."

मी स्टूल ओढून बसले. ताक देऊन झालं होतं, पण उठवेना.

कॉम्प्युटर चालू केला की पेन ड्राइव्हवरचा छोटा दिवा लुकलुकायचा, आता होणार असं वाटायचं, आणि तो विझायचा. मग पडद्यावर अमोघ. मरीना बीचवरचा फोटो, केस वाऱ्यानं उडालेले, खाली नाव आणि पासवर्डची रिकामी चौकट. हेरंब आतल्या यादीत जायचा, पेन ड्राइव्हचा नंबर पहिला लावायचा, पुन्हा सुरू करायचा. यादी परत पहिल्यासारखी. डिस्क पहिली.

"आतला सेल गेलाय बहुतेक. लावलेलं लक्षात राहत नाही त्याच्या." त्यानं खालच्या दुकानातून नवा सेल आणून बसवला. पेन ड्राइव्ह पुढून काढून मागे लावला. नव्यानं भरून घेतला. अडीच वाजले. पुन्हा अमोघ.

"हट्टी आहे," हेरंब हसायचा प्रयत्न करत म्हणाला. "मालकावर गेलाय."

सावनी हसली नाही. "जिवंतपणी तरी कधी बसू दिलं का त्यानं मला इथे? पाच मिनिटं, पाच मिनिटं करत तासभर उठायचा नाही."

ते खरं होतं. समोरच्या उघड्या दारातून मी रोज ऐकायची. "अमोघ, ऊठ. मला बसू दे." आणि मग त्याचा आवाज, "आलोच गं."

आता जे सांगते ते तोवर कुणाला सांगितलं नव्हतं. टेबलाखाली भिंतीशी एक परात होती. परातीत तांदळाचं पीठ पसरलेलं आणि त्यावर पणती, दक्षिणेकडे तोंड केलेली. माणूस जिथे गेला तिथे ठेवतात ना, तशी. सावनीला वाटलं, ती येणार म्हणून मी आज घरात दिवा लावला. पण तो आजचा नव्हता. दहाव्या दिवशी शांत करायचा असतो, हे मला का माहीत नव्हतं? गेलेही होते करायला. वात ओढायला हात पुढे केला, आणि वाटलं, एवढं मोठं घर, अंधारात एकटंच राहील पोर. आम्हाला मूलबाळ नाही. अमोघ यायचा, पिठलं मागून खायचा. म्हटलं, आज राहू दे. मग उद्या. असे चार महिने रोज तेल घातलं. कामाक्षी आमच्याकडे भांडी घासते, ती त्या घरात पाऊल ठेवायची नाही. "वेण्डाम, अम्मा," एवढंच म्हणायची. नको.

पिठावर रोज काहीतरी उमटलेलं असायचं. बारीक खळगे. चार इकडे, चार तिकडे, खाली मध्ये दोन जरा रुंद. म्हटलं पाल असेल. मी तळव्यानं पीठ सारखं करायची. दुसऱ्या दिवशी पुन्हा तेच.

"आता एकच उपाय," हेरंब म्हणाला. त्यानं कॉम्प्युटरचा डबा उघडला, वायरी सोडवल्या आणि डिस्क बाहेर काढून वर्तमानपत्रावर ठेवली. "जुनं काही राहिलंच नाही आत. पेन ड्राइव्हवरूनच उठावं लागेल त्याला."

तीनला पाच मिनिटं कमी होती. पंख्याचा आवाज मोठा वाटायला लागला. जळक्या तेलाचा वास येत होता, रोजचाच, पण त्या दिवशी नाकात बसला. हेरंबनं बटण दाबलं आणि दोन्ही हात कीबोर्डवर टेकवून थांबला.

मी त्याच्या बोटांकडे बघत होते. चार इकडे, चार तिकडे. अंगठे खाली, मध्ये…

मी टेबलाखालच्या परातीकडे बघितलं.

पेन ड्राइव्हचा दिवा लुकलुकला. विझला. काळ्या पडद्यावर पांढरे ठिपके गोल फिरले… आणि अमोघ. वाऱ्यानं उडालेले केस. खाली नाव.

हेरंबनं हात झटकन काढून घेतले. पडद्याकडे बघितलं, मग वर्तमानपत्रावरच्या डिस्ककडे.

"हे… हे होऊ शकत नाही…"

पासवर्डच्या चौकटीत एक ठिपका उमटला. मग दुसरा. कीबोर्डला कुणाचा हात नव्हता.

"सावनी," मी म्हटलं. "तो दिवा… मी बंदच केला नाही गं. दहाव्यानंतरही नाही. रोज लावत राहिले… चुकलं माझं…"

ती मग टेबलाखाली वाकली. पिठावर आत्ताचे ताजे ठसे होते. ते तिनं पाहिले, आणि मला वाटतं, एका नजरेत ओळखले. रडली नाही. खुर्चीच्या पाठीवर हात ठेवला आणि रोज म्हणायची तशी, थोडी वैतागून, थोडी लाडानं म्हणाली,

"अमोघ, ऊठ आता. मला बसू दे."

आणि पणतीची वात तेलात ओढली.

धूर वर गेला. पडदा काळा झाला, बराच वेळ काळाच राहिला. मग पेन ड्राइव्हचा दिवा लागला आणि लागलेलाच राहिला. निळा पडदा आला, भाषा कुठली हवी विचारत.

"झालं," हेरंब कुजबुजला. खुर्चीवरून तो केव्हाच उठला होता.

चार वाजता सावनी परीक्षेला बसली. रविवारचं तिकीट रद्द झालं. नोकरी लागली तिला, आता समोरच असते. मला एका शब्दानं बोलली नाही, उलट जाता-येता "काकू, जेवलात का" म्हणून विचारते.

परात मी त्याच दिवशी घरी आणली. पीठ टाकून दिलं, चिंचेनं घासली, उलटी करून माळ्यावर ठेवली. पणती तळ्यात सोडली.

दुसऱ्या दिवशी तीनच्या सुमाराला भाकरीसाठी पिठाचा डबा उघडला. सकाळीच दळून आणलेलं, वरून सपाट केलेलं पीठ. त्यावर चार इकडे, चार तिकडे. खाली मध्ये दोन.

सावनीला सांगितलेलं नाही. तिचं आत्ता कुठे बस्तान बसतंय. मी तळव्यानं पीठ सारखं करते आणि भाकऱ्या थापते. फक्त डब्याला झाकण लावत नाही. मुंग्या होतात म्हणून हे रोज ओरडतात. ओरडू देत. झाकणाखाली फार अंधार होतो.