दुसरी हाक

काम तसं साधं होतं. वहिनींना एक दिवस बोटीतून फिरवून आणायचं, संध्याकाळी घरी, रात्री जेवायला सुरुचीच्या हातची आमटी. यातून पुढे भुताखेताची गोष्ट निघेल असं त्या सकाळी कुणी म्हणालं असतं, तर मी त्याला चहा पाजून वाटेला लावलं असतं. मी तसा हिशोबी डोक्याचा माणूस. निदान तेव्हा होतो.

सुरुची माझी बायको. आम्ही दुबईत डिस्कव्हरी गार्डन्सला राहतो. कुमुदवहिनी म्हणजे माझ्या थोरल्या भावाची बायको, गुहागरकडच्या आमच्या गावाहून महिनाभराच्या व्हिसावर आल्या होत्या. आणि तो थोरला भाऊ, गोपीनाथदादा, चार वर्षांपूर्वी समुद्रात गेला होता.

दादा फुजैऱ्याला लाँचवर कामाला होता. तिथे मोठी जहाजं किनाऱ्यापासून लांब नांगर टाकून उभी असतात आणि त्यांना पाणी, भाजीपाला, सामानसुमान या छोट्या लाँच पोचवतात. मीही तेव्हा तिथेच कामाला होतो. एका दुपारी माल चढवताना मोठी लाट आली आणि दादा पाण्यात पडला. तीन दिवस शोधलं. सापडला नाही. तिथला प्रवाह उत्तरेला ओढतो, मुसंदमच्या डोंगरांकडे, एवढं शोधणाऱ्यांनी सांगितलं आणि खलास.

वहिनींनी मंगळसूत्र काढलं नाही. "देह दाखवा, मग काढते," म्हणाल्या. भटजी समजावून समजावून थकले. देह मिळाला नाही तर पळसाच्या पानांचा पुतळा करून त्यालाच अग्नी देतात, शास्त्रात तशी सोय आहे, त्याने गेलेला जीव सुटतो. वहिनींनी एकच विचारलं, "आणि असतील तर? जित्या माणसाला जाळू?" चार वर्षं त्या रोज रात्री दादाच्या वाटणीचा भात झाकून ठेवत आणि सकाळी गाईपुढे घालत. आई ते बघून रडायची, आणि तिचं रडणं फोनवर मला ऐकावं लागायचं.

मला तो विधी व्हायलाच हवा होता. का, तेही आत्ताच सांगून टाकतो, म्हणजे उगाच मला चांगला समजू नका. त्या दुपारची पाळी माझी होती. आदल्या रात्री मित्रांबरोबर जागलो होतो, सकाळी डोळे उघडेनात. पोट बिघडलंय म्हणून ठोकून दिलं. दादाने कपाळाला हात लावून बघितला. "तू झोप, मी जातो," म्हणाला आणि गेला. हे मी आजवर कुणाला सांगितलेलं नाही, सुरुचीलासुद्धा नाही. मला वाटायचं, एकदाचा तो पुतळा जळू दे, म्हणजे दादाबरोबर मीही सुटेन.

शेवटी वहिनीच म्हणाल्या, "ते ज्या पाण्यात गेले ते पाणी एकदा डोळ्यांनी बघते. मग तुम्ही म्हणाल तसं." त्या पाण्यात जायचा आमच्यासारख्यांना सोपा मार्ग एकच, मुसंदमची एक दिवसाची टूर.

"किती घेतात हो भाऊजी?"

"माणशी दीडशे दिरॅम."

त्यांनी मनात आकडेमोड केली. "म्हणजे साडेतीन हजार! एवढ्यात आमच्याकडे अख्खी होडी मिळते, नाखव्यासकट."

शनिवारी सकाळी सात वाजता वहिनी आणि मी मिनीबसने निघालो. सीमेवरच्या दिब्ब्यापर्यंत दोन्ही बाजूंना भाजून निघालेले तपकिरी डोंगर, औषधालाही हिरवं पान नाही. सीमेवर पासपोर्टच्या कॉप्या दाखवल्या, यादीवर खुणा झाल्या, आणि पलीकडच्या बंदरात एका लाकडी बोटीत चढलो. खाली गालिचे, टेकायला तक्के, खजूर, वेलदोड्याची कॉफी. आमच्यासोबत अल ऐनहून आलेलं शहनाझ नावाच्या बाईंचं कुटुंब आणि कुठल्याशा ऑफिसातल्या पाचसहा मुली होत्या. गाइड यहया, चाळिशीतला हसरा माणूस. त्याची हिंदी सिनेमे बघून शिकलेली होती.

"अरबस्तान का नॉर्वे देखो!" तो माइकवर म्हणाला. "पैसा वसूल, हबीबी!"

आणि खोटं नव्हतं. डोंगर समुद्रातून सरळ उभे राहिलेले आणि समुद्र त्यांच्या मधून आत आत शिरलेला. अशा चिंचोळ्या खाडीला तिकडे खोर म्हणतात. मुली फोटो काढत होत्या. वहिनी मात्र कठड्याला धरून खाली पाण्याकडेच बघत होत्या. काठाला हिरवं, मध्ये निळं, आणि कड्याच्या पायथ्याशी काळं. मी एकदोनदा इकडची तिकडची माहिती सांगायचा प्रयत्न केला. त्यांनी मान डोलावली, पण माझ्याकडे बघितलं नाही.

बाराच्या सुमाराला बोट एका अरुंद खोरात वळली आणि यहयाने इंजिन बंद करायला लावलं.

भुतं रात्री येतात हे शहरातल्यांचं म्हणणं. आमच्या कोकणात भर दुपारी बाराला पोरांना विहिरीवर पाठवत नाहीत. त्या खोरात आम्ही शिरलो तेव्हा ऊन अगदी डोक्यावर होतं, कुणाचीच सावली कुठे पडत नव्हती. डिझेलचा वास विरला आणि एक दुसराच वास आला, बरेच दिवस झाकून ठेवलेल्या भांड्याचं झाकण काढल्यावर येतो तसा. पाणी बोटीला लागतानाचा आवाजसुद्धा नव्हता. एकही पक्षी नव्हता.

"अब मज़ा देखो," यहया म्हणाला. "यल्ला, किसी अपने का नाम लो. ये पहाड़ वापस देता है."

शहनाझबाईंच्या मुलांनी आपलीच नावं ओरडली. कड्याने ती दोनतीनदा परत दिली. मुली खिदळल्या. मग यहयाचं लक्ष वहिनींकडे गेलं. "आंटी, आप भी!"

मी नको म्हणणार होतो, तोवर वहिनी उठल्या. पदर नीट केला. वहिनींनी लग्नातल्या उखाण्याखेरीज दादाचं नाव कधी उच्चारलं नव्हतं, आताही उच्चारलं नाही. घरात मागच्या दारातून परड्याकडे बघून मारायच्या तशी हाक त्यांनी मारली.

"अहोऽऽ…"

कड्याने ती परत दिली. अहो… हो… हो… होता होता ती विरली. वहिनी तशाच उभ्या राहिल्या. बोटीत कुणी हसलं नाही. मला एकदम रडू फुटेल असं वाटलं, म्हणून मी खजुराची बी चघळत बसलो.

आणि मग कड्याकडून हाक आली.

"रणज्याऽऽ…"

मोठी नव्हती. लांबून, जरा दमल्यासारखी. 'ज्या'वर लांबवलेली. मला रणज्या म्हणणारा जगात एकच माणूस होता.

"रणजा कौन है?" शहनाझबाईंनी विचारलं. म्हणजे भास नव्हता, सगळ्यांनी ऐकलं होतं. यहयाने बोटीतली माणसं एकेक करून बघितली. त्याचं हसू कुठल्या कुठे गेलं होतं.

माझ्या तोंडाशी 'ओ' आली होती. वहिनींनी झटकन माझ्या तोंडावर हात ठेवला. बर्फासारखा गार हात.

"देऊ नका," त्या कुजबुजल्या. "अजून देऊ नका…"

आमच्याकडे हे पोरांना चालता येऊ लागलं की शिकवतात. पहिल्या हाकेला ओ द्यायची नाही. गेलेलं माणूस एकदाच हाक मारतं. जितं असेल तर पुन्हा मारतं.

"जिते असले तर पुन्हा मारतील," वहिनी म्हणाल्या. "थांबू या."

आम्ही थांबलो. वहिनींनी कानामागे तळवा धरला होता. त्यांचे ओठ हलत होते, काय पुटपुटत होत्या ते कळत नव्हतं. चार वर्षं त्या ज्याची वाट बघत होत्या ते सगळं त्या एका हाकेवर येऊन थांबलं होतं. आणि मी? मी मनातल्या मनात देवाला विनवत होतो, की हाक येऊ देऊ नको. सख्ख्या भावाने सख्ख्या भावासाठी असं मागावं! पण मागितलं, खोटं कशाला सांगू?

पाच मिनिटं गेली. दहा गेली. ऊन टाळूत शिरत होतं.

"भाई," यहया माझ्याशेजारी येऊन हळूच म्हणाला, "यहाँ ज़्यादा रुकना ठीक नहीं… मेरा बाप तो यहाँ इंजन बंद ही नहीं करता था."

"वहिनी…"

"हं." त्यांनी हात खाली घेतला. "नाही मारली." थोडा वेळ त्या पाण्याकडे बघत राहिल्या. "म्हणजे गेले. चला." आणि त्या गालिच्यावर येऊन बसल्या. पण मग म्हणाल्या, "हाक मी मारली, आणि त्यांनी बोलावलं तुम्हाला. असं का हो भाऊजी?"

सांगायची वेळ खरं तर तीच होती. मी त्यांच्यासाठी पाण्याची बाटली उघडली.

इंजिन सुरू झालं. बोट वळली आणि खोराच्या तोंडाशी आली, तेव्हा त्या घरघरीतून मला ते ऐकू आलं.

"रणज्याऽऽ… रणज्या, ए…"

दुसऱ्यांदा, आणि जवळून. हातभर पाण्यातून आल्यासारखं.

मी मान फिरवली. दुसऱ्या बाजूच्या डोंगराकडे बघत बसलो, जसं काही आयुष्यात डोंगर कधी बघितलाच नव्हता. बोट थांबवा म्हणायला एक शब्द पुरे होता. तो मी उच्चारला नाही. भीती होती, नाही म्हणत नाही. पण नुसती भीती नव्हती. आत्ताच कुठे त्या 'गेले' म्हणाल्या होत्या.

त्या रात्री आमच्या स्वयंपाकघरात वहिनींनी स्वतःच्या हाताने मंगळसूत्र काढून ओट्यावर ठेवलं. सुरुची हमसून हमसून रडली. वहिनी रडल्या नाहीत. "भात कमी लावा आता," एवढंच म्हणाल्या.

पुढच्या महिन्यात मी चार दिवसांची रजा काढून गावी गेलो. भटजींनी पळसाची पानं मांडून पुतळा केला आणि धाकटा भाऊ म्हणून अग्नी मी दिला. चटकन पेटला. सगळे म्हणाले, सुटला बिचारा. आई चार वर्षांत पहिल्यांदा पोटभर जेवली. मी परत दुबईला आलो आणि खरं सांगतो, आठवडाभर मलाही शांत झोप लागली.

मग परवा, सकाळी ऑफिसात असताना वहिनींचा फोन आला. या वेळी त्या कधी फोन करत नाहीत. आई ठीक आहे, आंबा यंदा बरा उतरलाय, इकडचं तिकडचं बोलून झालं.

"भाऊजी, एक विचारू? बोटीत दुसरी हाक आली नव्हती ना?"

"नाही वहिनी."

"खात्री आहे?"

"अहो, आली असती तर मी बोट थांबवली नसती का?"

"मला ऐकू आली होती," वहिनी म्हणाल्या.

मी फोन घेऊन ऑफिसबाहेरच्या जिन्यात आलो.

"मी तुमच्याकडे बघितलं. तुम्हीही ऐकलीत आणि मान फिरवलीत. मग मला वाटलं, ज्याच्या नावाची हाक आहे तोच नाही म्हणतोय… तर मी कोणाच्या जोरावर थांबू? म्हणून केलं सगळं. तुमच्या मनासारखं."

"वहिनी, मी… ऐका, त्या दिवशी खरं तर…"

"मला नका सांगू." आवाजात राग नव्हता. राग असता तर बरं वाटलं असतं. "मला सांगून काय होणार? पुतळा जाळला त्याच्या दुसऱ्या दिवसापासून इथे परड्यात येतायत. रोज दुपारी बाराला. दोनदा हाक मारतात, जितं माणूस मारतं तशी. मी दारात उभी असते, पण माझ्याकडे बघायचं नाव नाही. हाक तुमच्या नावाची, तर ओ मी कशी देऊ? तुम्ही या. या, आणि काय ते त्यांना सांगा."

मी घड्याळात बघितलं. आमच्याकडे साडेदहाला एक मिनिट कमी. तिकडे दीड तास पुढे.

"खोटं वाटतंय ना?" वहिनी म्हणाल्या. "थांबा. फोन बाहेर नेते."

कडी काढल्याचा आवाज झाला. मग परड्यातल्या कोंबड्यांची कलकल ऐकू आली, अगदी स्पष्ट. आणि मग त्या सगळ्या एकदम गप्प झाल्या.