मुक्या चित्रातल्या मुलीचं उत्तर

टोफूची बादली घेऊन त्सुया चुकून पडद्यामागच्या दारानं आत शिरली आणि थबकलीच. डोक्यावर, छताएवढी उंच, एक बाई रडत होती. नुसत्या उजेडाची बाई! आणि पडद्याच्या कडेला उभा असलेला एक किडकिडीत तरुण तिच्या वतीनं हुंदके देत होता.

खेळ संपल्यावर त्यानं विचारलं, "घाबरलीस?"

"छे! पण... बाईचा एवढा गोड आवाज ठेवता कुठे?"

"तुझ्या टोफूसारखा. गार पाण्यात."

गेंजिरो हा आसाकुसा पेठेतल्या त्या चित्रगृहाचा कथेकरी. मुक्या चित्रांतली सगळी माणसं त्याच्या तोंडून बोलत. मग त्सुया रोजच टोफू द्यायला येऊ लागली, आणि बादली रिकामी झाली तरी तिचा पाय निघेना.

घरी मात्र सगळं ठरलेलं. तिचे वडील मोहेई यांना मुलगा नव्हता. टोफूच्या दुकानातला कारागीर कुमाकिची घरजावई होणार, घराण्याचं नाव लावणार, दुकान टिकणार. "एकुलत्या लेकीला मन नसतं, घर असतं," ते म्हणत.

जत्रेच्या दिवशी मोहेई लेकीबरोबर प्रथमच चित्र बघायला आले. "भुतांचा खेळ!" असं पुटपुटत आसनावर टेकले. आणि मग त्यांची पापणी लवेना.

पडद्यावरच्या बापानं लेकीचं लग्न ठरवलं. लेकीनं मान वर केली, तिचे ओठ हलले. गेंजिरोनं म्हणायचं होतं, 'जशी तुमची आज्ञा, बाबा.' त्यानं समोर बसलेल्या त्सुयाकडे पाहिलं... आणि शब्दच फुटेना.

साथीला वाजणारी सामिसेनची तार थांबली. सभागृह श्वास रोखून बसलं. त्या शांततेत बाईचा खराखुरा आवाज आला—

"बाबा, दुकान मी सांभाळीन. पण नवरा माझा मी निवडीन."

त्सुया उभी होती.

अंधारात मोहेई गुरकावले, "पहाटे उठणार कोण?"

"रोज मीच उठते, बाबा."

लोक खदखदून हसले.

लेकीची नजर गेंजिरोवर खिळलेली मोहेईंनी पाहिली. "आणि हा बडबड्या?"

"टोफूसाठी सोयाबीन दळीन," गेंजिरो वाकून म्हणाला. "तुमचं नावही लावीन."

मोहेईंनी मान पडद्याकडे वळवली. चित्र मात्र कुणासाठी थांबत नाही. पडद्यावरची लेक मान खाली घालून पालखीत बसली, पालखी उचलली गेली, धुक्यात लहान लहान होत चालली...

मोहेई ताडकन उठले. गालांवरून धारा वाहत होत्या.

"अरे, बघत काय बसलात? थांबवा तिला! त्या बापाला सांगा कुणीतरी— पोर म्हणते ते ऐक म्हणावं!"