ओढ्यावरचं पागोटं

फर्दापूरच्या ठाण्यात आशाबाईनं रक्तानं भरलेलं पागोटं आपटलं. "ओढ्यावर घावलं. दिरानं माझ्या नवऱ्याला मारलं!"

निजामाचं राज्य संपवणाऱ्या पोलीस ॲक्शनला चार वर्षं झाली होती. त्या धामधुमीत खोट्या फिर्यादींवर माणसं गेलेली जमादार निजामुद्दीननं पाहिली होती. तेव्हापासून तो कुणाचंच रडणं तपासल्याशिवाय खरं मानत नसे. शिपाई घेऊन तो लगेच आशाबाईच्या घराकडं निघाला.

घर डोंगराच्या कुशीत, एकटंच. शेजार म्हणावा तर तीन कोसांवर. शिपायानं ओट्यावर बसलेल्या दिराला, बद्रीनाथला, बेड्या घातल्या.

"भावाला, काकासाहेबाला, शेवटचं कधी पाहिलं?" निजामुद्दीननं विचारलं.

"परवा सांजंला. मळ्याच्या वाटणीवरनं भांडलो, व्हय. पण दादाला हात नाय लावला, साहेब."

रक्ताचं पागोटं, वर भांडणाची कबुली. फासावर जायला माणसाला आणखी काय लागतं? निजामुद्दीनला त्याची कीव आली.

आशाबाईनं मात्र पाहुणचारात कसर ठेवली नाही. दुधाचा दाट चहा पुढं आला.

आत तिची म्हातारी सासू सरूबाई बाजेवर पडून होती. "माझा काकासाहेब गेला, आता त्या म्हशीचं कोण करील? त्याच्याबिगर कुणाला कासंला शिवू देत नाय. काल दिसभर लई वरडली. आज गप हाय."

निजामुद्दीन गोठ्यात गेला. म्हैस एकच होती, रेडकाविना, निवांत रवंथ करत होती. त्यानं वाकून कास बघितली.

"बेड्या काढ रे," तो शिपायाला म्हणाला.

आशाबाई उसळली. "खुन्याला सोडता?"

"खून झालाच कुठं? देखो बाई, घरात दुभतं एकच. ते काकासाहेबाशिवाय कुणाला धार काढू देत नाय. काल कास तुंबली म्हणून ओरडत होतं, आज कास रिकामी. मग तुझ्या चहात दूध आलं कुठून? कोंबड्याबिंबड्याचं रक्त पागोट्याला फासलं, की भाऊ फासावर आणि मळा अख्खा तुमचा!"

आशाबाईच्या तोंडचं पाणी पळालं. नकळत तिनं गोठ्याच्या माळ्याकडं बघितलं, आणि शिपाई शिडी चढला. कडब्यातून काकासाहेब मान खाली घालून उतरला.

"म्हशीचं वरडणं ऐकवंना, साहेब. पहाटं उतरून धार काढली."

बद्रीनाथ मोकळी मनगटं चोळत भावाकडं बघत राहिला. त्याचे डोळे भरून आले होते.

"काल दिसभर मी बी तुझ्या नावानं वरडत डोंगर धुंडला, दादा. ते कसं ऐकवलं?"