‘उतारू’चे शेवटचे रीळ

डब्याचे झाकण उघडताच खोलीभर व्हिनेगरसारखा आंबूस वास पसरला. फितीचे वेढे एकमेकांना चिकटून रिळाची गुळासारखी ढेप झाली होती. शलाका मुजुमदारने ती तशीच थरवाचकात ठेवली. रीळ उलगडायची गरज आता उरली नव्हती. कृष्णधवल फितीतले चांदीचे कण क्ष-किरण अडवतात. त्या सावल्यांवरून हे यंत्र एकेक वेढा वेगळा वाचत असे.

शेजारी चहाचा कप घेऊन अच्युत गुर्जर बसले होते. वय ऐंशी. समीक्षा लिहिणे थांबवल्यापासून ते या संग्रहालयासाठी गावोगावची जुनी रिळे शोधून आणत. ‘उतारू’ हा सिनेमा त्यांना एका बंद थिएटरच्या माळ्यावर सापडला होता. येत्या शुक्रवारी, त्रेपन्न वर्षांनी, तो पुन्हा दाखवला जाणार होता.

पडद्यावर नदी उमटली. घर सोडून निघालेली नायिका होडीत बसली. होडी थोडी दूर गेली आणि वळून पुन्हा काठाकडे येऊ लागली.

“इथे चांदी जवळजवळ विरलीय,” शलाका म्हणाली. “ही शेवटची चार मिनिटं पूरकाने रचलीत.”

पूरक म्हणजे हरवलेल्या चौकटी उपलब्ध पुराव्यांवरून भरून काढणारी प्रणाली.

“पुरावा कसला?”

“तुमचंच परीक्षण, सर. ‘अखेर ती घरी परतते.’ सिनेमा पाहिलेल्या दुसऱ्या कुणाचा एक शब्द मिळाला नाही.”

गुर्जरांनी कप खाली ठेवला. त्या एका वाक्यावरून अभ्यासक आजवर ‘उतारू’ला जुन्या वळणाचा चित्रपट म्हणत आले होते. गुर्जर आताही गप्प राहिले असते, तर कुणाला कळले नसते.

“शलाका, मी शेवट पाहिलेला नाही. पुरवणी साडेपाचला छपाईला जायची. हे रीळ लागलं तेव्हा मी बसस्टॉपवर होतो. परतणारच ती, असं धरून चाललो.”

शलाका त्यांच्याकडे बघतच राहिली. मग तिला हसू फुटले. “म्हणजे त्रेपन्न वर्षं तुम्ही थिएटरबाहेरच! या, बसा आता शेवटपर्यंत.”

तिने पुराव्यांतून परीक्षण वगळले. आता पूरकाकडे फक्त उरलीसुरली चांदी होती. परीक्षणाच्या साक्षीपुढे इतका वेळ पूरकाने त्या चांदीला धूळ मानले होते. पडदा करडा झाला. त्यात एक पुसट ठिपका दिसू लागला. चौकटीगणिक तो लहान होत गेला. होडी येत नव्हती, जात होती.

“छान आहे गं हा शेवट,” गुर्जर खुशीत म्हणाले. “मला नसता सुचला.”

त्यांनी कागद ओढला आणि नव्या परीक्षणाचे पहिले वाक्य लिहिले: ‘या समीक्षकाची चूक झाली होती.’ मग पेन थांबले.

“पूरकाने आजवर किती सिनेमे भरून काढले?”

“दोनशे चौदा.”

“आणि त्यांच्या किती समीक्षकांना साडेपाचची पुरवणी गाठायची होती?”